लिव्हरमन उकंडराव आणि तीन नंबरची लाइन

उकंडरावाचा माणिकरावावरचा जळफळाट बारशापासूनचा आहे, असं त्याची बायको अन्नपूर्णा म्हणते, आणि ती फारसं खोटं बोलत नाही. नांदुऱ्याजवळच्या एका खेड्यात, एकाच साली, पंधरा दिवसांच्या फरकानं दोघं जन्मले. एकाच्या घरी पाच बहिणींवर मुलगा झाला म्हणून त्याचं नाव माणिक ठेवलं. दुसऱ्याच्या आईची आधीची दोन लेकरं गेली होती. हेही काळाच्या नजरेत भरू नये म्हणून तिनं त्याला गावच्या उकंड्यावर, म्हणजे कचऱ्याच्या ढिगावर, लोळवून आणलं आणि नावही तेच ठेवलं. वऱ्हाडात या नावाची माणसं गावोगाव आहेत, त्यात कोणाला कमीपणा वाटत नाही. उकंडरावालाही वाटला नसता. पण शाळेत दोघं एकाच बाकावर बसले आणि मास्तर एका दमात ‘उकंडा, माणिक’ अशी हाक मारू लागले. वर्ग हसायचा. माणिक हसायचा नाही, उलट हसणाऱ्यांवर डोळे वटारायचा, आणि उकंडरावाला त्याचाच जास्त राग यायचा.

सत्त्याहत्तर साली दोघं एकाच दिवशी रेल्वेत खलाशी, म्हणजे हरकामे मदतनीस, म्हणून चिकटले. सहा वर्षांनी खात्याची परीक्षा निघाली. दोघांनी अर्ज भरले. माणिक पास झाला, उकंडराव सात मार्कांनी राहिला. त्याला त्या दिवशी ताप होता. तो ताप दर सांगण्यात थोडा थोडा चढत गेला आहे. हल्ली एकशे चारवर आलाय.

माणिक असिस्टंट स्टेशनमास्तर झाला, पांढरे कपडे घालू लागला. उकंडराव लिव्हरमन झाला. इथवरही चाललं असतं, कारण रेल्वे मोठी आहे आणि दोन माणसं तीत आयुष्यभर एकमेकांच्या दृष्टीआड राहू शकतात. पण बदल्यांचा फेरा असा फिरला की दोघं एकाच लहान स्टेशनावर आले आणि अकरा वर्षं तिथंच राहिले. त्या स्टेशनाचं नाव उकंडराव घेत नाही. अजूनही चौकशी लागेल, असं त्याला वाटतं. तेव्हा आपणही घ्यायला नको.

लिव्हरमनचं काम म्हणजे स्टेशनमास्तर सांगेल ती लाइन लावायची. मास्तरच्या खोलीला लागूनच केबिन होती आणि तिच्यात लोखंडी दांडे रांगेनं उभे असत. दांडा ओढला की तार ताणायची, लांबवरचा सिग्नल हलायचा, रूळ सरकायचा. नियम असा होता की मास्तरनं हुकूम दिला की तो लिव्हरमननं मोठ्यानं परत म्हणून दाखवायचा. मास्तर म्हणणार, ‘पॅसेंजर दोनवर.’ लिव्हरमन म्हणणार, ‘पॅसेंजर दोनवर.’ मास्तर मान हलवणार, आणि मगच दांड्याला हात लावायचा. चुका टळाव्यात म्हणून केलेला शहाणा नियम. पण एका पाळीत तीस-चाळीस वेळा, अकरा वर्षं, लहानपणच्या सोबत्याचा शब्द त्याच्याच समोर उभं राहून परत म्हणायचा आणि त्याच्या मान हलवण्याची वाट पाहायची, हे काय सोपं आहे? घरी आल्यावर अन्नपूर्णेनं ‘भाजी वाढू?’ विचारलं तरी उकंडराव खेकसायचा.

माणिकरावानं तोरा मिरवला असता तर निदान शिव्या घालायची सोय झाली असती. तो तसं काही करतच नव्हता. क्वार्टरच्या दारातल्या झाडाचे पेरू पहिल्यांदा उकंडरावाकडे पाठवायचा. अन्नपूर्णा ते आवडीनं खायची. उकंडराव फोड तोंडात टाकून म्हणायचा, ‘तुरट हायेत.’

रिटायर झाल्यावर उकंडरावानं नांदुऱ्यात प्लॉट घेऊन दोन खोल्या बांधल्या. वर्षभरानं माणिकराव शेजारच्याच प्लॉटवर आला. म्हणाला, ‘उकंड्या, सोबत होईन म्हातारपणी.’ आणि वर एक मजला जास्तीचा चढवला. चार वर्षांपूर्वी नागपुरात माणिकरावाची अँजिओप्लास्टी झाली तेव्हा अख्खी गल्ली त्याला भेटायला गेली. उकंडरावाचे नुसते गुडघे दुखत होते. गुडघ्यांना भेटायला कोणी येत नाही, हे त्यानं आठ दिवस मनाला लावून घेतलं. इतका जळका माणूस, पण त्याच्या घरी कोणी उपाशी गेलं नाही आणि ड्यूटीवर तो कधी पाच मिनिटं उशिरा पोचला नाही, हेही सांगून ठेवलं पाहिजे.

आता गोष्ट यंदाची. उकंडरावाचा मुलगा रवी, त्याची मुलगी पायल बुलढाण्याच्या कॉलेजात दुसऱ्या वर्षाला आहे. बुलढाणा घाटावर, तिथं रेल्वे नाही. म्हणून रेल्वेच्या गावची ही पोरगी रोज एस.टी.नं घाट चढून शिकायला जाते. कॉलेजनं जिल्ह्यातल्या रेल्वेच्या इतिहासावर एक पुस्तक काढायचं ठरवलं. नियम असा की प्रत्येक विद्यार्थ्यानं रेल्वेतला एक जुना माणूस निवडायचा, एकच, आणि त्याची हकिकत फोटोसकट लिहायची.

पायल आधी आपल्या आजोबाकडेच आली. मोबाइलचं रेकॉर्डिंग चालू करून म्हणाली, “आबा, सांगा ना तुमच्या वेळची रेल्वे.”

उकंडरावाला आतून गुदगुल्या झाल्या. घसा खाकरून तो म्हणाला, “काय सांगू? गाड्या येत. गाड्या जात.”

“अन्?”

“अन् काय? आमी लाइन लावत जाऊ.”

मोबाइलवर सत्तावीस सेकंद भरले. अजून विचार, अजून विचार, असं तो मनात म्हणत होता. पण आयुष्यभर दुसऱ्याचा हुकूम परत म्हणायची सवय झालेल्या माणसाला स्वतःचं वाक्य लवकर सापडत नाही. पायलनं थोडी वाट पाहिली आणि ती शेजारी गेली.

मग रोज संध्याकाळी जेवताना माणिकराव उकंडरावाच्या ताटात येऊन बसू लागला.

“आज्जी, मास्तरआबा सांगत होते, इंग्रजाइले ही लाइन माणसांसाठी नव्हतीच पाहिजे. कापूस न्यायसाठी पाहिजे होती. म्हणून मलकापूर, नांदुरा, जलंब, शेगाव असे रूळ सपाटीनं गेले अन् बुलढाणा वरच राह्यलं. जलंबहून खामगावले एवढासा फाटा काढला, तोही कापसापायीच.”

दुसऱ्या दिवशी, “आज्जी, कोळशाचं इंजिन पाणी प्याले थांबलं की बाया गरम पाण्यासाठी घागरी घेऊन येत म्हणे. हिवाळ्यात तर भांडणं होत.”

उकंडरावाचा घास तोंडातच राहिला. त्या घागरी भरून देणारा कोण होता? तो होता. माणिक लांब उभा राहून ‘कपडे भिजतीन बे’ म्हणायचा. बायका भांडायच्या, तेव्हा त्यांची रांग कोण लावायचा? तोच. आणि आज ते पाणी, त्या घागरी, ती थंडी, सगळं माणिकच्या नावावर लागत होतं, तेही आपल्या नातीच्या हातून.

“हे मले बी मालूम होतं,” तो म्हणाला.

“मंग तिनं इचारलं तवा तुमच्या तोंडात काय सुपारी होती?” अन्नपूर्णा भाकरी वाढता वाढता म्हणाली.

पायल हसली. तिच्या हसण्यात खोट नव्हती, तरी उकंडरावाच्या अंगाची लाही झाली. शुक्रवारी ती म्हणाली की मास्तरआबांचंच नक्की करते, रविवारी शेवटचं बोलणं आणि मग फोटो. उकंडराव हात धुऊन अंगणात जाऊन बसला. नोकरी त्याची मोठी, रेल्वेचा फुकट पास त्याचा वरच्या वर्गाचा, घर त्याचं मजल्याचं, दुखणंसुद्धा त्याचं भारी. ते सारं सोसलं होतं. पण पायल माझी आहे, तिनं तरी त्याच्याकडे जायला नको होतं, एवढं एकच त्याच्या मनात फिरत राहिलं.

आणि मग त्याला आठवलं, म्हणजे तो कधी विसरलाच नव्हता, की आपल्याजवळ एक गोष्ट आहे.

ती तीस वर्षांपूर्वीची, दसऱ्याच्या सकाळची. त्या दिवशी स्टेशनात हत्यारांची पूजा असे आणि लिव्हरमनचं हत्यार म्हणजे लिव्हर. सगळे दांडे धुऊन-पुसून त्यांना हळद-कुंकू लावलेलं, प्रत्येकाच्या गळ्यात झेंडूची माळ. तीन नंबरच्या लाइनीवर सरकीच्या ढेपेचे चार डबे आदल्या दिवसापासून उभे होते. लाइनीवर डबे असले की तिच्या लिव्हरला एक लाल लोखंडी कडं अडकवायचं असतं, त्याला कॉलर म्हणतात. ती दिसली की समजायचं, ही लाइन भरलेली, इथं गाडी घ्यायची नाही. त्या सकाळी तीनच्या लिव्हरला कॉलर नव्हती, नुसती माळ होती. माणिकराव नुकताच पाळीवर आला होता. वहीत सारं लिहिलेलं होतं, पण वही उघडायच्या आधी त्यानं लिव्हरकडे पाहिलं. मागून एक्स्प्रेस येत होती, तिला वाट द्यायला पॅसेंजर बाजूला घ्यायची होती. तो म्हणाला, ‘पॅसेंजर तीनवर.’ उकंडराव म्हणाला, ‘पॅसेंजर तीनवर.’ मास्तरनं मान हलवली.

दांड्याला हात घालता घालता उकंडरावानं खिडकीबाहेर पाहिलं. लिंबाच्या झाडामागं डब्यांचा तपकिरी कोपरा दिसला. त्यानं हात काढून घेतला. ‘साहेब, तीनवर डबे हायेत.’ माणिकरावाच्या तोंडचं पाणी पळालं. पॅसेंजर सिग्नलबाहेर चार मिनिटं थांबली, मग चारवर आली. दसऱ्याची गर्दी होती. बायाबापड्या सोनं वाटायला माहेरी-सासरी निघालेल्या, लेकरांच्या अंगावर नवे कपडे. सगळे उतरले आणि चालू लागले. काही घडलंच नाही, म्हणून कुठं काही लिहिलंही गेलं नाही.

ही गोष्ट उकंडरावानं तीस वर्षांत कोणाला सांगितली नाही, अन्नपूर्णेलाही नाही. पण माणिकचा पेरू खाताना, त्याचा जास्तीचा मजला चढताना पाहताना, तो ती मनातल्या मनात काढून बघायचा आणि त्याला बरं वाटायचं. बेट्या, तुझे पांढरे कपडे माझ्यामुळं पांढरे राहिले. माझ्या जिभेवर आहे तुझी अब्रू. कॉलर का नव्हती, याच्यापाशी तो कधी थांबत नसे.

आता ती गोष्ट वापरायची वेळ आली होती. माणिकच्या घरी, माणिकच्या समोर, पायलच्या मोबाइलमध्ये सांगायची. मग पाहू फोटो कोणाचा लागतो.

शनिवारभर त्यानं मनात वाक्यं जुळवली. रविवारी दुपारी धुतलेलं धोतर नेसून, टोपी घालून तो शेजारी गेला. पायल जमिनीवर मांडी घालून बसली होती, मोबाइल स्टुलावर होता. माणिकराव खुर्चीत, अंगावर साधी बंडी. अँजिओप्लास्टीनंतर तो बराच उतरला होता, हेही उकंडरावाला आज पहिल्यांदा नीट दिसलं.

“ये बे, उकंड्या. बस,” माणिकराव म्हणाला. “बरं झालं तूच आला. तुलेच बलावणार होतो. पोरी, तो मोबाइल चालूच राहू दे.”

“मले काही सांगाचं हाय,” उकंडराव म्हणाला.

“सांगजो ना. आधी माझं होऊ दे. दसऱ्याचं सांगून राह्यलो.”

उकंडराव उभ्याचा बसला.

माणिकरावानं सगळं सांगितलं. माळा, हळद-कुंकू, ढेपेचे डबे, मागून येणारी एक्स्प्रेस. मी वही पाहिली नाही, म्हणाला. लाइनीवर डबे असताना लिव्हरला कॉलर घालायची जबाबदारी मास्तरची, ती माझ्याकडून राहिली, म्हणाला. मी तोंडानं ‘तीन’ म्हणालो आणि मान हलवली. या माणसानं बाहेर पाहिलं नसतं तर चारशे लोकांचं काय झालं असतं, हे मला अजून झोपेत दिसतं. “अन् पाय पोरी, यानं हे कोणाले सांगतलं नाही. सांगतलं असतं तर माझी नोकरी गेली असती अन् याले रेल्वेचं इनाम भेटलं असतं. तीस वर्षं एका शब्दानं टोमणा मारला नाही. तू माझा फोटो नको लावू. याचा लाव. असा माणूस मी नोकरीत दुसरा पाह्यला नाही.”

पायल आजोबाकडे पाहत होती. तिनं असं कधी पाहिलं नव्हतं. सत्तावीस सेकंदांवाल्या आजोबाकडे तर नाहीच.

“आबा,” ती म्हणाली, “तुम्ही आम्हाले कधी सांगतलं काऊन नाही?”

जे तो मारायला घेऊन आला होता, ते माणिकनं स्वतःच काढून त्याच्या गळ्यात घातलं होतं. त्यानं मान हलवली, कशासाठी ते त्यालाही कळलं नाही, आणि चहा घेऊन तो घरी आला.

त्या संध्याकाळी घरात त्याचं राज्य होतं. पायलनं अन्नपूर्णेला सगळं ऐकवलं. अन्नपूर्णा त्याच्याकडे पाहत म्हणाली, “इतकं पोटात ठेवाले तुमाले जमलं कसं?” आणि तिनं त्याच्या भाकरीवर लोणी जास्त घातलं. रवीनं आईच्या देखत बापाचे पाय दाबले. पायलनं त्याचा टोपीतला फोटो काढला आणि वर मथळा लिहिला. घटकाभर उकंडरावाला इतकं बरं वाटलं की गुडघ्यांचीही आठवण राहिली नाही.

मग ताटावरून उठता उठता त्याला बोच सुरू झाली.

कॉलर माझ्याकडून राहिली, म्हणाला माणिक. पण कॉलर माणिककडून राहिलीच नव्हती. आदल्या पाळीत ती तीनच्या लिव्हरला बरोबर अडकवलेली होती. पहाटे दांडे धुताना ती काढली उकंडरावानं. पुसून, कुंकू लावून पूजेच्या ताटात ठेवली, माळ घातली आणि परत अडकवायला विसरला. पॅसेंजर चारवर आल्यावर माणिकराव केबिनमध्ये आला, ताटातली कॉलर उचलून त्यानं स्वतःच्या हातानं लिव्हरला घातली आणि परत गेला. एक शब्द बोलला नाही. ना तेव्हा, ना पेरू पाठवताना, ना आज.

म्हणजे उकंडराव तीस वर्षं समजत होता की माणिक आपल्या मुठीत आहे. आणि माणिकची मूठ तेवढीच भरलेली होती, ती त्यानं कधी उघडून दाखवलीही नाही. आज तर पोरीच्या मोबाइलमध्ये उकंडरावाच्या चुकीचंही ओझं आपल्या डोक्यावर घेऊन मोकळा झाला. परीक्षेत पुढं गेला, पगारात गेला, घरात गेला, आता मोठेपणातही पुढं. फोटो उकंडरावाचा लागणार होता, पण त्या फोटोकडे पाहून माणिक गालातल्या गालात हसेल का? नाही हसणार. तो हसणारच नाही, आणि हेच उकंडरावाला सहन होईना.

सोमवारी सकाळी पायल कॉलेजला निघाली तेव्हा तो तिच्यासोबत बसस्टँडवर आला. गुडघे कुरकुरत होते. बुलढाण्याची गाडी अजून लागली नव्हती. बाकावर बसून तो म्हणाला, “तो मोबाइल चालू कर.”

पायलनं केला.

“कॉलर मी काढली होती,” उकंडराव म्हणाला. “पूजेसाठी. अन् लावाची भुललो. मास्तरची चूक वही न पाह्याची, तेवढीच. बाकी माझी. डबे दिसले म्हणून वाचलो, नाही तर ते लोक बी गेले असते अन् माझी नोकरी बी.”

त्याच्या आयुष्यातलं हे सगळ्यांत लांब बोलणं होतं. शेजारी एक बाई आपल्या मुलाला केळं सोलून देत होती.

“मास्तरआबाले मालूम होतं?” तिनं विचारलं.

“हाव. त्याच दिवसापासून.”

“हे छापायचं, आबा? तुमच्या फोटोखाली?”

“माझ्याच फोटोखाली. अन् त्याचं बोलणं छापशीन ना, त्याच्या वर टाक माझं. खाली नको.”

पायलचे डोळे भरून आले. तिनं मोबाइल बंद केला आणि त्याचा हात धरला. “इतकं खरं बोलाले केवढं मन लागते, आबा.”

उकंडरावानं हात सोडवून घेतला. बस वळण घेऊन आत येत होती, लोक दाराकडे धावू लागले होते.

“मनबिन काही नाही, पोरी,” तो म्हणाला. “त्यानं एकट्यानं मोठेपण घ्यावं, हे मले पाहवत नाही.”